थारण

ते उकळताना वास येतो
ओल्या लोखंडाचा, आणि थोडासा
कुणी नुकतंच उठून गेलेल्या अंथरुणाचा.
काचेची भुकटी, शिंपल्यांची राख, माशाच्या आतड्याचा डिंक,
आणि ओस्रिन सांगत नाही ते चौथं काहीतरी.
सात रात्री ढवळायचं. सात म्हणजे सातच,
हे आम्हाला पहिल्यांदा मोजता आलं
त्याच्याच भट्टीपाशी.

त्याआधी केल्मूरमध्ये
वेळ सांगून येत नसे, हे तर झालंच,
पण ती सांगून जातही नसे.
पाव भट्टीत घालावा आणि शिळा बाहेर काढावा.
माझी धाकटी बहीण एका हिवाळ्यात
माझ्याहून तीन वर्षांनी मोठी झाली;
माझे कपडे तिला होईनात, मग तिचे मी घातले.
माणसं कर्ज घेण्याआधीच फेडून मोकळी व्हायची,
सावकार वह्या उलट्या धरून रडायचे.
आणि एखाद्या निसटलेल्या दुपारी
गेलेलं माणूस दारात उभं राहायचं,
बूट काढू का, विचारत.

आता थारण आहे.
मी ते सांध्यांत भरते. उंबऱ्याखाली चार बोटं,
खिडकीच्या चौकटीला दोन, चुलीमागे मूठभर.
गरम असताना सायीसारखं सुरकुततं,
गार झालं की करडं, आणि कान लावला तर
आत काहीच ऐकू येत नाही. तेच त्याचं काम.
घर मग एका जागी, एका वेळी असतं.
लोक मला पैसे देतात आणि पहिल्या रात्री
सारखे उठून बघतात,
अजून रात्रच आहे ना.

हुसेल बंदरावरचे दिवे पुसतो.
त्याच्या दारावर मोजणीदाराची चिठ्ठी होती:
गल्लीत एवढं एकच घर गळतं.
सगळं भर, तो म्हणाला,
फक्त कपाटामागची फट सोड.

तिव्हेनला बुडून किती वर्षं झाली
हे त्या घरात सांगता येत नव्हतं. बाहेर नऊ.
त्या फटीतून ती येते, भांडणाच्या ऐन मध्यावर,
कमरेवर पिठाचा हात,
म्हणते, 'आणि दुसरं असं, की तू कधीही—'
आणि निसटते.

'कधीही काय?' त्याने मला विचारलं,
जणू मी सांधे भरणारी नाही, तिची मैत्रीण आहे.
पहिलं काय होतं ते त्याला ठाऊक होतं.
पहिलं खरंच होतं, म्हणाला.

मी नियम सांगितला.
मग जवाच्या दाण्याएवढी जागा सोडली
आणि वरून करडा रंग फासला.
चांगलं काम नव्हतं ते.
वर्षभरात त्याचा उजवा कान म्हातारा झाला,
फक्त उजवा, तो कपाटाला टेकून बसायचा म्हणून.
शेजारणीचं दूध धार काढायच्या आदल्या दिवशी नासायचं.
मोजणीदार आला, दोरीला शिशाचा थेंब लावून उभा राहिला,
थेंब जरासा अडखळला.
थंडीत आकसतं हो ते, मी म्हणाले.
वेळ मारून नेली.
पूर्वी आमच्याकडे त्याला फाशी होती.

परवा हुसेल भट्टीवर आला,
स्वतःचं वाडगं घेऊन.
अर्धी पळी दे, म्हणाला. बास होईल.
मी काही विचारलं नाही, त्यानेही सांगितलं नाही,
पळी बुडवताना माझाच हात जरा हलला.
वाडग्यावर टोपी धरून, गार होऊ नये म्हणून,
तो चढ चढू लागला
आणि मडक्यांच्या दुकानाशी थांबला.
बराच वेळ. आता बराच वेळ म्हणता येतं.
मग तेलाच्या बुधल्याला बसेल असं एक झाकण
बोटाने वाजवून, उलटं करून पाहून
घासाघीस न करता घेतलं.